नाव सरड्याचं, नातं आपल्या घरातलं

प्रश्न : ताई, सप्रेम नमस्कार. माझी मुलगी सातवीत आहे. शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी तिनं शाडूच्या मातीचा लिस्ट्रोसॉरस, म्हणजे २५ कोटी वर्षांपूर्वीचा एक प्राणी, केला आणि समोर पुठ्ठ्यावर लिहिलं, 'हा डायनोसॉर नाही. हा सस्तन प्राण्यांचा नातेवाईक आहे.' परीक्षक म्हणाले, 'सॉरस म्हणजे सरडा, म्हणजे हा सरपटणारा प्राणी.' त्यांनी लाल पेनानं दुसरं वाक्य खोडून वर 'सरीसृप' लिहिलं. पोर दोन दिवस नीट जेवली नाही. कोण बरोबर? ती चुकली असेल तर तेही स्पष्ट सांगा. तिनं केलेल्या मूर्तीचा फोटो सोबत पाठवत आहे.
(एक वडील, बार्शी)

उत्तर : तुमची लेक बरोबर आहे. एवढं वाक्य तिला आधी वाचून दाखवा, बाकीचं सावकाश वाचा.

आणखी एक सांगा तिला. तिनं 'सस्तन प्राणी' असं लिहिलं नाही, 'सस्तन प्राण्यांचा नातेवाईक' असं लिहिलं. या दोन्हींत फार अंतर आहे. सातवीतल्या मुलीनं ते नेमकं ओळखलं, याचं मला मनापासून कौतुक वाटलं.

परीक्षकांवर मात्र राग धरू नका. १९७० च्या दशकात मी नागपुरात भूशास्त्र शिकत होते, तेव्हा आमच्या पुस्तकांतही या प्राण्यांना 'सस्तनसदृश सरीसृप' म्हणत. पुढं शिकवायला लागल्यावर कित्येक वर्षं मीही फळ्यावर तेच लिहिलं. तेव्हाचा हिशेब असा होता : पाठीला कणा आहे, जमिनीवर राहतो, पिसं नाहीत म्हणून पक्षी नाही, पुरता सस्तन म्हणावा तर तसाही नाही, मग उरला तो सरीसृप. घरात ज्या वस्तूला जागा नसते ती माळ्यावर टाकतात, तसा तो सरीसृपांचा वर्ग झाला होता.

आता वर्गीकरण रूपावरून करत नाहीत, वंशावरून करतात. हे समजायला आपल्याकडं सोपं आहे. त्र्यंबकेश्वरला तीर्थोपाध्यायांकडं घराण्यांच्या वह्या असतात. त्यांत कोण गोरा, कोण उंच, कोण तिरळा याची नोंद नसते. कोण कुणाचा मुलगा, एवढंच लिहिलेलं असतं. दोन वेगळ्या घराण्यांतली माणसं जुळ्या भावांसारखी दिसली तरी त्यांची पानं वेगळीच राहतात. प्राण्यांचंही आता असंच पान शोधतात.

या वहीतली मोठी वाटणी ३१ कोटी वर्षांहून आधी झाली. जमिनीवर अंडी घालू शकणाऱ्या चौपायांची दोन घराणी झाली. एका घराण्यात पुढं सरडे, साप, कासवं, मगरी, डायनोसॉर आणि पक्षी झाले. दुसऱ्या घराण्याला सिनॅप्सिड म्हणतात. हे नाव अमेरिकेच्या हेन्री ऑस्बॉर्न यांनी १९०३ मध्ये दिलं. त्या घराण्यात आज फक्त सस्तन उरलेत : गाय, वटवाघूळ, देवमासा, तुम्ही, मी. लिस्ट्रोसॉरसचं पान या दुसऱ्या वहीत आहे. त्याचे पूर्वज कधी सरड्यांच्या घराण्यात नव्हते, त्यामुळं 'सरीसृप असून सस्तनासारखा' हे म्हणणंच बाद झालं.

हे ओळखायचं कशावरून? कवटीवरून. आणि त्याचा पुरावा तुमच्या स्वतःच्या डोक्यावर आहे. कानशिलावर, डोळ्याच्या कोपऱ्याच्या थोडं मागं, दोन बोटं ठेवा आणि दाढा घट्ट आवळा. बोटांखाली स्नायू फुगलेला लागेल. आता बोटं तशीच खाली आणा, गालाचं आडवं हाड लागेल. कानशिलावरचा तो स्नायू या हाडाच्या आतल्या बाजूनं खाली उतरतो आणि जबड्याला बांधला जातो. हाडाच्या आतली ती मोकळी वाट ही सिनॅप्सिड घराण्याची खूण. जुन्या सिनॅप्सिडांत डोळ्यामागं प्रत्येक बाजूला एक स्वतंत्र भोक असतं. आपल्यात ते डोळ्याच्या खाचेशी मिळून गेलंय. मगरीच्या किंवा डायनोसॉरच्या कवटीत प्रत्येक बाजूला अशी दोन भोकं असतात, एकावर एक.

आमच्या प्रयोगशाळेत लिस्ट्रोसॉरसच्या कवटीची प्लॅस्टरची प्रतिकृती होती. नव्या मुलांना मी डोळे मिटायला सांगायची आणि ती त्यांच्या हातात द्यायची. पहिल्यांदा सगळ्यांना सुळे लागत. मग बोटं वर सरकत, डोळ्याची खोबण लागे, तिच्या मागं अंगठा एका मोठ्या भोकात शिरे. 'बाई, हे काय?' असं कुणीतरी विचारी. मी म्हणायची, दाढा आवळ आणि स्वतःचं कानशील चाचप. वर्गात एकदम शांतता पसरायची. पंचवीस-तीस मुलं कानशिलं दाबून बसलेली मला अजून दिसतात.

आता त्याचा पूर्ण पत्ता. सिनॅप्सिडांत थेरॅप्सिड, थेरॅप्सिडांत अ‍ॅनोमोडॉन्ट, त्यांत डायसिनोडॉन्ट, त्यांत लिस्ट्रोसॉरिडी हे कुल आणि त्यात लिस्ट्रोसॉरस ही प्रजाती, म्हणजे अगदी जवळच्या जातींचा गट. यातला लक्षात ठेवण्यासारखा शब्द डायसिनोडॉन्ट. अर्थ साधा आहे, दोन सुळ्यांचा. दक्षिण आफ्रिकेत कारू नावाच्या रखरखीत मुलखात अँड्र्यू गेडीस बेन हा रस्ते बांधणारा माणूस होता. खोदकामात त्याला दोन सुळ्यांच्या कवट्या मिळाल्या, त्या त्यानं इंग्लंडला धाडल्या आणि १८४५ मध्ये रिचर्ड ओवेन यांनी त्यांना डायसिनोडॉन हे नाव दिलं. डायनोसॉर हा शब्दही ओवेन यांचाच, त्याच्या अवघ्या तीन वर्षं आधीचा.

परीक्षकांचा मुद्दा 'सॉरस'चा होता, त्याकडंही येते. एडवर्ड कोप या अमेरिकन शास्त्रज्ञानं १८७० मध्ये लिस्ट्रोसॉरस हे नाव ठेवलं. ग्रीकमध्ये लिस्ट्रॉन म्हणजे फावडं. खाली वळलेला, आखूड, पसरट जबडा पाहून त्याला फावडं आठवलं असावं, आणि सॉरस तेव्हा जवळजवळ प्रत्येक जीवाश्माला लावत. नामकरणाचा नियम असा, की रीतसर दिलेलं पहिलं नाव अर्थ चुकला म्हणून बदलत नाही. बॅसिलोसॉरस म्हणजे 'राजा सरडा'. १८३४ मध्ये ते नाव ठेवलं आणि नंतर कळलं की तो प्राचीन देवमासा आहे. ओवेन यांनी नवं नाव सुचवून पाहिलं, तरी आजही तो बॅसिलोसॉरसच आहे. नावावरून जात ठरवायची नाही, हे मुलीला माणसांच्या बाबतीतही उपयोगी पडेल.

प्रश्न : हा प्राणी म्हणजे आपला पूर्वज का? माणूस त्याच्यापासून झाला असं म्हणता येईल का?
(गृहिणी, सांगली)

उत्तर : नाही. आजोबा नव्हे, चुलत आजोबा. थेरॅप्सिडांच्या घरात अनेक भाऊ होते. डायसिनोडॉन्ट हा एक, सायनोडॉन्ट हा दुसरा. सस्तन प्राणी झाले ते सायनोडॉन्टांच्या शाखेतून. लिस्ट्रोसॉरसच्या काळात, त्याच कारू भागात थ्रिनॅक्सोडॉन नावाचा मांजराएवढा सायनोडॉन्ट राहत होता. आपल्या वंशाचा शोध घ्यायचा तर त्याच्याकडं बघायचं. आपल्या कानात हातोडी, ऐरण आणि रिकीब ही तीन हाडं आहेत, शाळेत पाठ केलेली. यातली पहिली दोन सायनोडॉन्टांच्या जबड्याच्या सांध्यात होती. पिढ्यान्‌पिढ्या ती लहान होत कानाकडं सरकली. हा प्रवास जीवाश्मांत पायरीपायरीनं दिसतो, आणि माझ्या सगळ्या अभ्यासात मला इतकं थक्क करणारं दुसरं काही भेटलं नाही.

चुलत आजोबांचा वंश काही लगेच बुडाला नाही. पोलंडमध्ये मिळालेला लिसोविशिया हा डायसिनोडॉन्ट हत्तीएवढा होता आणि तो ट्रायासिक काळाच्या उत्तरार्धातला, म्हणजे डायनोसॉरांच्या शेजारी राहिलेला. २०१८ मध्ये त्याचं वर्णन छापून आलं तेव्हा मी निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती, तरी त्या रात्री झोप आली नाही.

प्रश्न : मी चंद्रपूरला बी.एस्सी. करतो. लिस्ट्रोसॉरस आपल्या महाराष्ट्रात सापडला आहे का? नसेल तर का नाही?
(विद्यार्थी, चंद्रपूर)

उत्तर : महाराष्ट्रात नाही. भारतात तो मिळतो दामोदर खोऱ्यात, पश्चिम बंगालमधल्या राणीगंजजवळच्या पंचेत खडकांत. तिथले जीवाश्म भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणानं गोळा केले आणि त्यांचं वर्णन १८६५ मध्ये थॉमस हक्सली यांनी केलं. डार्विनची बाजू लढवणारे तेच हक्सली.

महाराष्ट्रात का नाही, याचं मोठं कारण तुमच्या पायाखाली नाही, पण राज्याच्या बहुतेक भागाच्या पायाखाली आहे. सह्याद्री आणि दख्खनचं पठार हे काळ्या बेसॉल्टचं, सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हाचं. लिस्ट्रोसॉरस २५ कोटी वर्षांपूर्वीचा. पुण्यात, नाशकात, साताऱ्यात कितीही खणलं तरी लाव्हाच लागणार. त्या वयाच्या जवळपासचे खडक उघडे पडलेत ते तुमच्याच भागात. चंद्रपूरच्या कोळशासोबत ग्लॉसोप्टेरिस या लुप्त झाडाच्या पानांचे ठसे मिळतात ना, तेच गोंडवन खडक. आणि त्याच खडकांची माळ दक्षिणेला गडचिरोलीच्या सिरोंच्यापर्यंत आणि प्राणहिता ओलांडून तेलंगणात जाते.

ती नदी ओलांडा, कारण खरी संपत्ती तिथं आहे. पूर्वीच्या आदिलाबाद जिल्ह्यातल्या येरापल्ली खडकांतून, म्हणजे सुमारे २४ कोटी वर्षांपूर्वीच्या लाल मातीच्या थरांतून, वाडियासॉरस मिळाला. हा लिस्ट्रोसॉरसचाच भाऊबंद, डायसिनोडॉन्ट, पण अंगानं बराच मोठा. १९७० मध्ये त्याचं नामकरण झालं, भूशास्त्रज्ञ दाराशॉ नौशेरवान वाडिया यांच्या स्मरणार्थ. एकाच जागी त्याच्या बऱ्याच प्राण्यांची हाडं एकत्र मिळाली, म्हणून हे प्राणी कळपानं राहत असं मानतात.

तिथल्याच मालेरी खडकांतून एक्झेरेटोडॉन नावाचा सायनोडॉन्ट मिळाला. त्याच्या भारतीय जातीचं नाव 'स्टॅटिस्टिकी'. प्राण्याचा आणि संख्याशास्त्राचा काय संबंध, असं कुणालाही वाटेल. पण हे नाव कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेचं आहे. प्रशांतचंद्र महालनोबिस यांच्या या संस्थेत १९५७ च्या सुमारास भूशास्त्राचा विभाग सुरू झाला, लंडनहून पामेला रॉबिन्सन आल्या आणि प्राणहिता-गोदावरीच्या खोऱ्यात काम उभं राहिलं. शंकर चॅटर्जी यांनी १९८२ मध्ये एक्झेरेटोडॉनला हे नाव दिलं. याच प्रजातीच्या दुसऱ्या जाती अर्जेंटिना आणि ब्राझीलमध्ये मिळतात. आणि ज्या कोटा खडकांना सिरोंचा तालुक्यातल्या कोटा गावाचं नाव मिळालं, त्यांतल्या एका इवल्या दातावरून कोटाथेरियम हा खराखुरा आदिम सस्तन प्राणी १९८१ मध्ये जगापुढं आला. डायसिनोडॉन्ट, सायनोडॉन्ट आणि सस्तन, तिन्ही एका नदीच्या खोऱ्यात. चंद्रपूरला राहून हे बघितलं नाही असं होऊ देऊ नका.

मी विद्यार्थिनी असताना आम्ही डोंग्यानं प्राणहिता ओलांडून गेलो होतो. लाल चिकणमाती, वर खच पडलेले चुनखडीचे पांढरट गोटे. पहिल्या दिवशी मी ओढणीत अकरा 'हाडं' बांधून आणली. सरांनी एकेक उचलून जिभेला लावलं आणि बाजूला टाकलं. दहा गोटे निघाले. अकरावा तुकडा जिभेला चिकटून राहिला. हाडाला बारीक छिद्रं असतात, ती ओल शोषून घेतात, म्हणून जीवाश्म हाड जिभेला धरून राहतं. घट्ट दगड निसटतो. नखाएवढा तुकडा होता तो, कोणत्या प्राण्याचा हेही कळण्यासारखं नव्हतं. पण सरांनी तो माझ्या तळहातावर ठेवला आणि वहीत जागेची नोंद करायला लावली. तुम्ही गेलात तर हेच करा : उचलण्याआधी जागा लिहा. आणि परवानगीशिवाय काही घरी आणू नका, जागेवरून हललेल्या हाडाची निम्मी माहिती तिथंच संपते.

प्रश्न : आफ्रिका, भारत आणि अंटार्क्टिका इथं एकच प्राणी कसा? तो पोहत गेला असेल का?
(निवृत्त शिक्षक, रत्नागिरी)

उत्तर : पोहण्याची गरजच नव्हती, गुरुजी. तेव्हा मध्ये समुद्र नव्हता. हे सगळे भूभाग एकमेकांना चिकटलेले होते. ही कल्पना बरीच जुनी, पण कित्येक भूशास्त्रज्ञ ती मानायला तयार नव्हते. १९६९ च्या डिसेंबरात अंटार्क्टिकातल्या कोलसॅक ब्लफ या टेकाडावर एडविन कोलबर्ट यांच्या तुकडीला लिस्ट्रोसॉरसचं हाड मिळालं. आखूड पायांचा, जमिनीवर राहणारा, डुकराएवढा प्राणी. हा आजच्या दक्षिण महासागरातून पोहत जाईल असं कुणालाच म्हणता येईना. चीनमध्ये आणि रशियातही तो मिळतो, कारण उत्तरेकडचे भूभागही तेव्हा याच महाखंडाला जोडलेले होते.

त्याचं खरं आश्चर्य तो कुठं राहिला यापेक्षा तो राहिला कसा, यात आहे. सुमारे २५ कोटी २० लाख वर्षांपूर्वी सैबेरियात प्रचंड ज्वालामुखी उद्रेक झाले, हवा तापली आणि समुद्रातल्या दहांतल्या आठांहून जास्त जाती नष्ट झाल्या. जमिनीवरही हाहाकार झाला. लिस्ट्रोसॉरस त्यातून वाचला आणि नंतरच्या थरांत काही ठिकाणी दुसरं काही मिळतच नाही इतका तो मिळतो. बिळं खणणं हे त्याच्या टिकण्याचं एक कारण असावं. सुळ्यांत आणखी एक धागा आहे. ते आयुष्यभर वाढत, झाडाच्या खोडासारखी त्यांत वलयं पडत. २०२० मध्ये अंटार्क्टिकातले आणि आफ्रिकेतले सुळे कापून ताडून पाहिले, तेव्हा अंटार्क्टिकातल्या सुळ्यांत वाढ थांबल्याच्या ठळक खुणा दिसल्या. ध्रुवाजवळच्या लांबलचक अंधारात तो शरीर मंद करून पडून राहत असावा, असं त्यावरून म्हणतात.

प्रश्न : एका जुन्या पुस्तकात लिस्ट्रोसॉरसच्या वीसहून जास्त जाती दिल्या आहेत, नव्यात चार-पाच. बाकीच्या कुठं गेल्या?
(वाचक, बेळगाव)

उत्तर : कुठं गेल्या नाहीत, मुळात त्या वेगळ्या नव्हत्याच. दगडात दाबली गेलेली कवटी चपटी होते, लहान पिल्लाचा जबडा आखूड दिसतो, नराचे सुळे जाड. जुन्या लोकांपुढं एकेकच कवटी असायची आणि प्रत्येक वेगळी दिसे, म्हणून प्रत्येकीला नाव. पुढं शंभरावारी कवट्या मोजल्या तेव्हा कळलं की हे वयाचे, लिंगाचे आणि दगडाच्या दाबाचे फरक आहेत. दक्षिण आफ्रिकेत आता चार जाती मानतात. भारतातल्या कवट्यांचा हा हिशेब संघमित्रा राय यांनी २००५ मध्ये मांडला : पंचेतमधले सगळे एकाच जातीचे, लिस्ट्रोसॉरस मरेई, आणि जे दोन प्रकार दिसत होते ते नर आणि मादी.

नावांचा आणखी एक गुंता होता. ओवेन यांनी यातल्या काही कवट्यांना टायकोग्नॅथस असं नाव दिलं होतं, पण ते थोडंच आधी एका खेकड्याला देऊन झालं होतं. खेकडा आधी आला, नाव त्याचं राहिलं.

प्रश्न : (बार्शीच्या पत्राच्या तळाशी, पेन्सिलीनं) 'ताई, माझ्या मूर्तीत काही चुकलंय का?'

उत्तर : हो बाळ, चार गोष्टी. शाडू अजून ओली करता येत असेल तर कर.

तू तोंडात दातांची ओळ केलीस. ती काढ. सुळे दोनच ठेव, बाकी तोंडाला कासवासारखी चोच दे. तो तिनं पाला कापून खाई. शेपूट फार लांब झालं, निम्म्याहून कमी कर. पुढचे पाय तू गाईसारखे सरळ केलेत, ते कोपरात बाहेर वाकव. मागचे आहेत तसे जरा सरळ चालतील. आणि अंगावर काड्यांनी केस ओढलेत ते पुसून टाक. कारूमध्ये लिस्ट्रोसॉरसच्या पिल्लांच्या अवशेषांवर कातडीचे ठसे मिळालेत, २०२२ मध्ये त्यांची माहिती छापून आली. कातडी बिनकेसांची आहे, बारीक पुटकुळ्यांची. जुना टूथब्रश ओल्या मातीवर हलकेच टेकवत गेलीस की तशीच उमटेल.

नाकपुड्या तू चोचीच्या टोकाला न ठेवता वर, डोळ्यांच्या जवळ ठेवल्यास. तिथंच असतात त्या. फोटो मोठा करून ते पहिल्यांदा मी पाहिलं.